आकाशातले शीड

तापी आणि गोमाई यांच्या संगमावर वसलेल्या प्रकाशा गावाला आमच्याकडे दक्षिण काशी म्हणतात. केदारेश्वर, संगमेश्वर, गौतमेश्वर अशी शिवालये येथे आहेत. पण येथल्या माणसाला खरा अभिमान पुष्पदंतेश्वराचा. काशीत सर्व देव असतील, पण पुष्पदंतेश्वर नाही, म्हणून काशी करून आलेल्याने प्रकाशाला आल्यावाचून त्याची यात्रा पुरी होत नाही, असे येथले लोक सांगतात. या श्रद्धेचा खरेखोटेपणा पाहणे हा या लेखाचा हेतू नाही. मला त्या देवळाच्या नावातले दैवत महत्त्वाचे वाटते. पुष्पदंत हा गंधर्व. तो आकाशमार्गाने येई, राजाच्या बागेतली फुले चोरी आणि कोणाला न दिसता निघून जाई. राजाने एके दिवशी वाटेवर शिवनिर्माल्य पसरून ठेवले. गंधर्वाचा पाय त्यावर पडला आणि त्याची आकाशगमनाची शक्ती गेली. मग त्याने शिवाची स्तुती केली, ती शक्ती त्याला परत मिळाली, आणि ती स्तुती म्हणजेच महिम्नस्तोत्र, अशी परंपरा आहे. आपल्या कितीतरी घरांतून ते आजही म्हटले जाते.

उडणे हरवल्याची आणि ते शब्दांनी परत मिळवल्याची ही कथा मी लहानपणापासून ऐकत आलो. तिच्याविषयी पुन्हा विचार करण्याचे कारण मात्र अलीकडचे आहे. गेली काही वर्षे मोबाईलवर एक चित्र फिरते आहे. खाली गलबताचे सांगाडे, वर मोठे शीड, बाजूंना पंख, आणि खाली मजकूर असा की, आपल्या पूर्वजांजवळ वाऱ्यावर चालणारी अशी विमाने होती, ती विद्या पुढे नष्ट झाली किंवा चोरीला गेली. आमच्या भागातली शाळेतली मुले हे चित्र मला दाखवतात आणि विचारतात, "गुरुजी, हे खरे ना?" त्यांच्या आवाजात प्रश्न कमी आणि आशा जास्त असते. 'छे, सगळे खोटे' असे एका शब्दात सांगून मोकळे होणे मला कधी जमले नाही, आणि 'होय' म्हणणे तर त्याहून कठीण. म्हणून शीड लावलेल्या विमानाची ही कल्पना कोठून आली, कोठे कोठे गेली आणि तिचे शेवटी काय झाले, हे येथे जरा सावकाशीने मांडतो.

प्रथम शब्दाकडे पाहू. 'विमान' या शब्दाचा मूळ अर्थ यंत्र असा नव्हे. मोजून आखलेली वास्तू, अनेक मजल्यांचा प्रासाद, देवाचे आसन असे त्याचे जुने अर्थ आहेत. दक्षिणेत देवळाच्या गाभाऱ्यावरील बांधकामाला आजही विमान म्हणतात. रामायणातले पुष्पक हे असेच आकाशात तरंगणारे राजगृह आहे. त्यात दालने आहेत, गवाक्षे आहेत, पण ते कोणत्या यंत्राने चालते याची चौकशी कवी करीत नाही. ते मनाच्या इच्छेने चालते. तुकोबांना न्यायला आलेले वैकुंठीचे विमानही याच कुळीचे. आगगाडी, तारायंत्र यांच्या मागून यंत्राचे उडते वाहन आले तेव्हा आपल्या लोकांनी त्याला हा जुना, गोड शब्द दिला. शब्द जुना आणि वस्तू नवी, असे झाले की पुढच्या पिढ्यांना वस्तूही जुनीच वाटू लागते. निम्मा घोटाळा येथेच आहे.

पण निम्माच. कारण आपल्या वाङ्मयात इच्छेने चालणाऱ्या विमानांबरोबर कारागिरांनी बनवलेली उडती यंत्रेही आहेत, आणि त्यांचा उगम आपल्या महाराष्ट्राशी जोडलेला आहे. प्रतिष्ठान, म्हणजे आजचे पैठण, तेथील सातवाहनाच्या दरबारातल्या गुणाढ्याने पैशाची भाषेत बृहत्कथा रचली अशी परंपरा सांगते. मूळ ग्रंथ गेला. त्याची संस्कृत रूपांतरे उरली. गंमत अशी की, त्या कथेच्या उगमाशीही एक पुष्पदंत उभा आहे. शिवाने पार्वतीला एकांतात सांगितलेल्या कथा चोरून ऐकणारा गण तो पुष्पदंत, आणि त्याची रदबदली करून शापात सापडलेला माल्यवान तो पुढे गुणाढ्य झाला. फुले चोरणारा पुष्पदंत आणि कथा चोरणारा पुष्पदंत हे एकच, असा माझा आग्रह नाही. पण नावाने तरी ते एक आहेत.

अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाने रचलेल्या कथासरित्सागरात सुतार भाऊ येतात. ते वाऱ्याच्या यंत्रावर चालणारे विमान बनवतात; कळ फिरवली की ते शेकडो योजने जाते. पंचतंत्रातला कोष्टी लाकडी गरुडावर बसून राजकन्येच्या महालात उतरतो. सातव्या शतकात बाणभट्ट हर्षचरितात एका राजाचा उल्लेख करतो: यवनाने बनवलेल्या आकाशयानातून त्याला पळवून नेण्यात आले. आणि बुधस्वामीच्या बृहत्कथाश्लोकसंग्रहात तर फारच बोलका प्रसंग आहे. राणीला आकाशातून पृथ्वी पाहण्याचे डोहाळे लागतात. सुतारांना हुकूम होतो. ते बिचारे थरथरत म्हणतात की, पाण्याची, दगडमातीची यंत्रे आम्हांला ठाऊक आहेत. आकाशयंत्रे म्हणे यवनांना येतात, आमच्या तर ती दृष्टीसही पडलेली नाहीत. पुढे एक परका येतो आणि गरुडाच्या आकाराचे यंत्र करून देतो.

या सुतारांची कबुली मला फार मोलाची वाटते. उडते यंत्र नेहमी दुसऱ्या देशात असते. आपण म्हणतो यवनांजवळ होते. यवनांच्या देशात कोणी म्हणत असेल की ते हिंदुस्थानात होते. कथेला हे चालते, किंबहुना कथेला हेच हवे असते. कथाकाराने खोटे सांगितले असे कोणी म्हणू नये. त्याने कथा म्हणून कथा सांगितली. तिला दस्तऐवज आपण केले.

आता दस्तऐवजाच्या जवळ जाणारा ग्रंथ घेऊ. प्रकाशाहून उत्तरेला सातपुडा आणि नर्मदा ओलांडली की धार येते. सरळ रेषेत अंतर दोनशे किलोमीटरांच्या आतच. तेथे अकराव्या शतकाच्या पूर्वार्धात भोजराजा राज्य करीत होता. त्याच्या नावावर असलेला 'समरांगणसूत्रधार' हा वास्तुशास्त्राचा मोठा ग्रंथ. तो बडोद्याच्या गायकवाड प्राच्यग्रंथमालेत १९२४-२५ च्या सुमारास छापून निघाला. त्यातील यंत्रांच्या अध्यायात हलक्या लाकडाचा, घट्ट सांध्यांचा एक मोठा पक्षी सांगितला आहे. त्याच्या पोटात पाऱ्याचे यंत्र, त्याखाली अग्नी. वर बसलेला पुरुष पंखांच्या हालचालीने सुटलेल्या वाऱ्याच्या आणि पाऱ्याच्या शक्तीच्या योगाने आकाशात दूर जातो, असे वर्णन आहे. दुसरे विमान जड लाकडाचे, देवळासारखे. त्यात पाऱ्याचे चार कुंभ. आणि मग ग्रंथकार म्हणतो की यंत्रांची जुळणी सांगितली नाही ती गुप्तता राहावी म्हणून, अज्ञानामुळे नव्हे.

मोबाईलवरच्या चित्रांना हे शेवटचे वाक्य फार आवडते. पण याच ग्रंथात नगर कसे वसवावे, घराची दारे किती उंच असावी, खांबाची जाडी किती, हे सारे मोजमापांनिशी बारकाईने दिले आहे. म्हणजे ज्या गोष्टी बांधल्या जात होत्या, त्यांची मापे आहेत. पक्ष्याला माप नाही. कारागिराच्या हातातून गेलेली वस्तू आणि कवीच्या डोळ्यांपुढून गेलेली वस्तू यांत हा फरक राहतोच. पारा हा पाण्याच्या साडेतेरापट जड; एक लिटर पारा साडेतेरा किलो भरतो. तो तापवावा तर साडेतीनशे अंशांवर उकळतो आणि त्याची वाफ विषारी. जे यंत्र हलके हवे, त्याच्या पोटात ही वस्तू घालणे म्हणजे पोहणाऱ्याच्या गळ्यात जाते बांधण्यासारखे आहे.

मग इतक्या शहाण्या लोकांनी पारा का निवडला? पारा धातू असून वाहतो, हातात ठरत नाही, उष्णता लागताच नाहीसा होतो. रसविद्येच्या त्या युगात तो जिवंत पदार्थ वाटे. याचा दुसरा दाखला आमच्या खानदेशातच आहे. चाळीसगावजवळच्या पाटणे येथे भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी मठ स्थापल्याचा १२०७ सालचा शिलालेख आहे, तो डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. त्या भास्कराचार्यांनी ११५० साली पुऱ्या केलेल्या सिद्धांतशिरोमणीत एक आपोआप फिरणारे चाक सांगितले आहे. पोकळ, किंचित वाकड्या आऱ्या, त्या पाऱ्याने अर्ध्या भरून बंद केलेल्या. आसावर ठेवले की चाक स्वतःच फिरत राहील, अशी कल्पना. असे चाक फिरत नाही. कोणतेही चाक फुकट फिरत नाही, हे जगाला नीट कळायला एकोणिसावे शतक उजाडावे लागले. तोवर युरोपातही अशा चाकांमागे पिढ्या खपल्या. भास्कराचार्यांचे चाक फिरले नाही म्हणून त्यांचे गणित उणे होत नाही. मोठ्या माणसाची एक कल्पना चुकली असे म्हणायला आपण का घाबरतो, हे मला कळत नाही. लीलावती उभी राहण्यासाठी त्या चाकाचा टेकू लागत नाही.

आता शिडाकडे वळू, कारण आपल्या जुन्या ग्रंथांत पंख आहेत, पारा आहे, पण शीड ठळकपणे दिसत नाही. आकाशातल्या नावेला शीड लावले ते समुद्रावर गलबते हाकणाऱ्या युरोपियनांनी. १६७० साली इटलीतल्या ब्रेशा गावच्या फ्रान्चेस्को लाना दे तेर्झी या जेसुइट पाद्र्याने एक आराखडा छापला. एक नाव, तिला तांब्याच्या पातळ पत्र्याचे चार प्रचंड पोकळ गोळे बांधलेले, मधोमध डोलकाठी आणि शीड. गोळ्यांतील हवा काढून टाकली की ते हवेपेक्षा हलके होतील, नाव उचलतील आणि शीड तिला चालवील. हे १६७० साल आपल्याला परके नाही. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात शिवाजी महाराजांनी तापीच्या मुखाजवळची सुरत दुसऱ्यांदा लुटली, परतताना दिंडोरीजवळ मोगलांशी लढाई दिली आणि वर्षअखेरीस खानदेशातून पुढे कारंज्यापर्यंत मजल मारली. म्हणजे तापीकाठी घोड्यांच्या टापा उमटत होत्या, तेव्हा दूर इटलीत एक पाद्री आकाशातल्या नावेचे गणित मांडीत होता.

त्याचे गणित अर्धे बरोबर होते. हवेला वजन आहे. तिच्यापेक्षा हलकी वस्तू वर चढेल. हे तत्त्व पुढे खरे ठरले. चुकले ते दुसरे अर्धे. आपल्या भोवतालची हवा दर चौरस मीटरवर सुमारे दहा टन भाराने दाबत असते. आतली हवा काढलेला पातळ पत्र्याचा गोळा या भाराखाली चुरमडून जाईल, आणि तो टिकेल इतका जाड करावा तर उडणार नाही. लानाला मात्र वेगळीच भीती होती. त्याने लिहिले की, देव असे यंत्र कधी होऊ देणार नाही; कारण मग कोणतेही नगर सुरक्षित राहणार नाही, वरून जहाजांवर आणि घरांवर आग टाकता येईल. यंत्र न बनवताच त्याचा उपयोग ज्याने ओळखला, असा हा माणूस. विसाव्या शतकाने त्याचे भय अक्षरशः खरे केले.

पुढे १७०९ साली लिस्बन येथे बार्तोलोमेउ दे गुस्मांव या ब्राझीलमध्ये जन्मलेल्या पाद्र्याने पोर्तुगालच्या राजासमोर कागदाचा छोटा फुगा विस्तवाच्या उष्णतेवर दालनात वर चढवून दाखवला. गोव्यावर तेव्हा याच राजाची सत्ता होती. त्याचा खरा प्रयोग एवढाच, पण त्याच्या नावावर जे चित्र युरोपभर फिरले ते होते पक्ष्याच्या आकाराच्या नावेचे, डोक्यावर फुगलेले शीड घेतलेल्या 'पासारोला'चे. खरा कागदी फुगा लोक विसरले, खोटे चित्र लक्षात राहिले. मोबाईल नव्हता तेव्हाही चित्रांचे असेच चालत होते! आणि पाहा, भोजाचाही पक्षी, बुधस्वामीचाही गरुड, लिस्बनचाही पक्षी. माणूस कोठलाही असो, उडण्याची कल्पना करताना तो प्रथम पंखांकडेच पाहतो.

मग शीड लावले तर आकाशात नाव चालेल का? याचे उत्तर आपल्या कोकणातला कोणताही तांडेल देईल. आंग्र्यांच्या आरमारातली गलबते आणि गुराबा वारा पाठीशी असो वा नसो, पल्ला गाठीत. वारा समोरून असला तर तिरके तिरके जाऊन पुढे सरकत. हे कसे साधते? शीड असते वाऱ्यात, पण तळ असतो पाण्यात. वारा ढकलतो बाजूला, पाणी ती बाजूची ढकल अडवते, आणि या ओढाताणीतून नाव पुढे निसटते. सुकाणूही पाण्यावरच रेटा देते. वारा आणि पाणी या दोहोंच्या भांडणावर गलबत जगते.

आकाशातल्या फुग्याला असे भांडण नाही. तो सर्वस्वी वाऱ्यात बुडालेला असतो आणि वाऱ्याच्याच वेगाने जातो. म्हणून फुग्यात बसलेल्याला वारा लागत नाही. खाली झाडे वाकत असली तरी त्याच्या हातातले निशाण लोंबत राहते. तेथे शीड उभारले तर तेही तसेच लोंबेल. हे मी मुलांना पतंगावरून सांगतो. आमचा नंदुरबार जिल्हा गुजरातच्या शेजारचा. संक्रांतीला आकाश पतंगांनी भरते. पतंग वर राहतो तो वाऱ्यामुळे, हे अर्धे सत्य. तो वर राहतो मांज्यामुळे. मांजा त्याला धरून ठेवतो म्हणून वारा त्याच्यावर आपटतो आणि त्याला उचलतो. मांजा कापला की तोच वारा असतो, तोच पतंग असतो, पण तो हेलकावे खात वाऱ्याबरोबर निघून जातो. शीड लावलेला फुगा म्हणजे कापलेला पतंग. एवढे सांगितले की मुले हसतात, आणि मला वाटते, त्यांना ते कायमचे समजते.

युरोपला हे समजायला शंभरावर वर्षे लागली. २१ नोव्हेंबर १७८३ रोजी पॅरिसजवळ दोन माणसे गरम हवेच्या फुग्यातून प्रथम मोकळी उडाली, आणि लगेच त्याला वल्ही, सुकाणू, शिडे लावण्याची चढाओढ सुरू झाली. ७ जानेवारी १७८५ रोजी ब्लांशार आणि जेफ्रीज हे दोघे फुग्यातून इंग्लिश खाडी ओलांडायला निघाले. फुगा खाली येऊ लागला तेव्हा त्यांनी ती सारी वल्ही आणि बहुतेक सामान, अंगावरचे कपडेदेखील, समुद्रात टाकून दिले आणि कसेबसे पलीकडे पोचले. २४ सप्टेंबर १८५२ रोजी आंरी जिफार याने तीन अश्वशक्तीचे वाफेचे यंत्र बसवलेला लांबट फुगा पॅरिसहून सुमारे सत्तावीस किलोमीटर नेला. त्याला मागे एक त्रिकोणी शीड होते, पण ते चालवण्यासाठी नव्हते. ते सुकाणू होते. यंत्राने फुगा हवेतून पुढे ढकलला, म्हणजे वाऱ्याहून वेगळी गती आली, आणि मगच शिडाला काम मिळाले. आकाशातल्या शिडाचा इतिहास या एका बदलात आला: ओढणारे शीड निरुपयोगी ठरले, वळवणारे शीड टिकले. आजच्या विमानाच्या शेपटीवरचे उभे पाते त्याच कामाला आहे.

ओढणाऱ्या शिडावर शेवटचा विश्वास टाकला तो स्वीडनच्या आंद्रेने. हा पेशाने अभियंता. त्याने मांज्याचे मर्म ओळखले होते. फुग्याखाली जाड, लांब दोर सोडायचे. ते बर्फावरून घसटत राहिले की फुगा वाऱ्यापेक्षा हळू जाईल, वारा मागून लागेल आणि शिडाने दिशा बदलता येईल. विचार शास्त्रशुद्ध होता. ११ जुलै १८९७ रोजी तो दोन साथीदारांसह स्पिट्सबर्गेनहून उत्तर ध्रुवाकडे निघाला. सुटता सुटताच दोरांचे बरेचसे तुकडे निखळून किनाऱ्यावर राहिले. तिसऱ्या दिवशी, १४ जुलैला, फुगा बर्फावर टेकला. तिघे पायी चालत दक्षिणेकडे निघाले, एका ओसाड बेटावर पोचले आणि तेथेच मेले. त्यांची प्रेते, रोजनिशी आणि छायाचित्रांच्या फिती १९३० साली सापडल्या. तेहतीस वर्षे बर्फात राहिलेल्या फिती धुतल्यावर त्यांवर पडलेला फुगा आणि त्याच्याकडे पाहणारी माणसे उमटली. शीड लावलेल्या आकाशनौकेचे खरे चित्र हवे असेल तर ते हे आहे.

याच दशकात आपल्या मुंबईत शिवकर बापूजी तळपदे यांची हकिकत घडली. पाठारे प्रभू समाजातले, संस्कृताचे व्यासंगी, आर्यसमाजाच्या विचारांकडे ओढलेले हे गृहस्थ. स्वामी दयानंदांनी आपल्या वेदभाष्याच्या भूमिकेत नौका आणि विमाने यांच्या विद्येवर एक प्रकरणच लिहिले होते. अशा वाचनातून तळपद्यांना विमान करण्याचा ध्यास लागला. १८९५ साली त्यांनी चौपाटीवर 'मरुत्सखा' नावाचे मनुष्यरहित विमान उडवले, बडे लोक ते पाहायला होते, असे सांगतात. उंचीचा आकडाही सांगतात, पाऱ्याचे इंजिन होते असेही सांगतात. पण त्या दिवसाचा सर्वांना तपासता येईल असा समकालीन पुरावा आजवर मान्य झालेला नाही. २०१५ साली या कथेवर हिंदी चित्रपट निघाला. त्याच वर्षी जानेवारीत मुंबईच्या विज्ञान परिषदेत प्राचीन विमानविद्येवर निबंध वाचला गेला आणि मोठा वाद माजला.

त्या वादाचा आधार होता 'वैमानिक शास्त्र' हा भरद्वाज ऋषींच्या नावावरचा ग्रंथ. तो पंडित सुब्बराय शास्त्री यांनी विसाव्या शतकाच्या पहिल्या चतुर्थकात सांगितला आणि लिहून घेतला गेला. छापून तो त्यानंतर कित्येक वर्षांनी आला. १९७४ साली बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच अभ्यासकांनी त्याची कसून तपासणी केली. त्यांनी भाषा पाहिली, छंद पाहिले, परंपरा पाहिली, आणि शकुन, सुंदर, रुक्म, त्रिपुर या चार विमानांचे आराखडे अभियंत्याच्या दृष्टीने मोजून पाहिले. निष्कर्ष असा की, ग्रंथ १९०४ च्या आधीचा नाही आणि त्यातले एकही विमान उडू शकणार नाही. ही तपासणी आपल्याच माणसांनी केली, शांतपणे केली आणि कोणाची टवाळी न करता केली, याचा मला अभिमान वाटतो. अभिमानच हवा असेल तर तो घेण्यासारखी ही जागा आहे.

तळपद्यांविषयी मात्र माझ्या मनात आदरच आहे. परकी सत्ता डोक्यावर असताना, 'तुम्हांला काही येत नव्हते' असे रोज ऐकावे लागत असताना, एक माणूस जुन्या पोथ्या उघडतो आणि नुसता अभिमान न मिरवता लाकूड-लोखंड जमवून काही करून पाहतो. विमान उडाले की नाही, हा पुराव्याचा प्रश्न आहे. त्याने हात चालवले, हा गुणाचा प्रश्न आहे. १७ डिसेंबर १९०३ रोजी राइट बंधूंचे पहिले उड्डाण बारा सेकंदांचे आणि एकशेवीस फुटांचेच होते. पण त्याची नोंद आहे, छायाचित्र आहे, आणि त्यामागच्या फसलेल्या प्रयोगांचे आकडेही आहेत. आपल्याकडे यश सांगण्याची हौस फार. फसलेल्या प्रयोगाची वही जपण्याची सवय नाही. तळपद्यांची तशी एखादी वही हाती लागती, तर यंत्र न उडाले असते तरी त्यांचे स्थान आज अधिक पक्के झाले असते.

आकाशनौका मुंबई इलाख्यात एकदा खरोखर येणार होती, हे पुष्कळांना ठाऊक नसते. इंग्रज सरकारने १९२० नंतरच्या दशकात साम्राज्याला हवाई जहाजांनी जोडण्याची योजना आखली. हिंदुस्थानातला तळ ठरला कराची. आणि १९३६ पर्यंत सिंध, पर्यायाने कराची, मुंबई इलाख्यातच होती. तेथे नौका बांधण्याचा उंच स्तंभ आणि डोंगराएवढी शेड उभारली गेली. ४ ऑक्टोबर १९३० रोजी सातशे फुटांहून लांब 'आर १०१' इंग्लंडहून कराचीला निघाली. वादळी पाऊस होता. दुसऱ्या दिवशी पहाटे फ्रान्समध्ये बोव्हे गावाजवळ ती जमिनीवर आदळून पेटली. चौपन्नांपैकी अठ्ठेचाळीस माणसे गेली, त्यांत हवाई खात्याचे मंत्रीही होते. त्या शेडमध्ये ती नौका कधीच शिरली नाही. म्हणजे ज्यांच्याजवळ यंत्र, पैसा आणि सत्ता सारे होते, त्यांच्याही आकाशनौकेची गत ही. नष्ट झालेल्या विद्येच्या गोष्टी सांगणाऱ्यांनी, ज्ञात असलेल्या विद्येला किती किंमत मोजावी लागली, हेही एकदा पाहावे.

तर मग पुष्पदंताचे काय करायचे? महिम्नस्तोत्र ज्या देवळाच्या भिंतीवर कोरलेले आहे ते अमरेश्वराचे देऊळ नर्मदेवर ओंकारमांधात्याला आहे. त्या लेखाचे साल १०६३. भोजराजाच्या मागून थोड्याच वर्षांनी, त्याच परमारांच्या राज्यात, ते अक्षर दगडात उतरले. हा पुरावा आहे. वाचता येतो, मोजता येतो, साल सांगतो. तो असे सांगत नाही की गंधर्व उडत होता. तो असे सांगतो की, साडेनऊशे वर्षांपूर्वी माणसांना हे स्तोत्र इतके प्रिय होते की त्यांनी ते दगडावर जपले. कथा कथा म्हणून खरी असते, ती अशी.

आणि प्रकाशाच्या जमिनीखालीही असाच पुरावा आहे. १९५५ साली पुरातत्त्व खात्याचे बी. के. थापर यांनी येथल्या पांढरीच्या टेकाडात खोदकाम केले. त्यांना चार कालखंडांचे थर मिळाले. सर्वांत खाली, इ. स. पूर्वी सतराशेच्या सुमारापासूनची, दगडी पात्यांची, थोड्या तांब्याची आणि रंगीत खापरांची वस्ती, त्यावर लोखंड वापरणारे लोक, त्यावर इतिहासकाळ, आणि शेवटी मध्ययुग. या थरांत त्यांना विमान सापडले नाही. सापडली ती नदीकाठी भांडी घडवणारी, मणी ओवणारी, पाती तासणारी माणसे. पुरांशी झगडून त्याच जागी पुन्हा पुन्हा घर बांधणारी. त्या दगडी पात्याची धार आजही बोटाला लागते, इतकी ती कारागिरी पक्की आहे.

उत्खननाचा पहिला नियम असा की, वरच्या थरातली वस्तू खालच्या थरात घालायची नाही. तसे केले तर दोन्ही थर बिघडतात. मुलांना मी आता हेच सांगतो. पुष्पदंताचा थर वेगळा, गुणाढ्याचा वेगळा, भोजाच्या पक्ष्याचा वेगळा, तळपद्यांचा वेगळा आणि आंद्रेच्या फाटक्या फुग्याचा वेगळा. प्रत्येकाला त्याच्या थरात राहू द्या, तेथे तो सुंदर दिसतो. परवा एका मुलीने विचारले, "मग गुरुजी, शीड लावून आकाशात काहीच चालणार नाही का?" मी तिला पतंगाचा मांजा आठवायला सांगितले आणि म्हटले, वाऱ्याला अडवणारे दुसरे काही शोधून काढ, म्हणजे चालेल. ती वहीत काहीतरी रेघा ओढीत बसली होती. काय काढतेस, ते मी विचारले नाही. फक्त एवढेच सांगितले की, चुकले तरी पान फाडू नकोस.